बाबांच्या वह्यांची ट्रंक, अमोल पाटीलचं काम आणि वारशात मिळालेली ओळख

जुनी_चाळ (शुक्रवार, रात्री १०:४०)

नमस्कार. चार वर्षं इथे वाचतेय, धागा पहिल्यांदाच काढतेय. विषय थोडा घरचा, थोडा कलेचा आहे.

माझे वडील मुंबई महापालिकेच्या सफाई खात्यात होते. आमच्या चाळीत झाडूखातं म्हणायचे. पहाटे चौकीवर हजेरी, दुपारी घरी. आल्या आल्या मोरीत दोन बादल्या पाणी अंगावर घ्यायचे, धुतलेला लेंगा चढवायचे आणि गॅलरीत बसून लिहायचे. एकांकिका. कामगार कल्याण केंद्राच्या स्पर्धेसाठी, चाळीच्या गणपतीसाठी, कधी कशासाठीच नाही. २००९ साली ते गेले. लाड-पागे समितीमुळे वारसाहक्काने नोकरी धाकट्या भावाला मिळाली, खात्याची खोलीही त्याच्याकडेच राहिली. माझ्या वाट्याला पत्र्याची ट्रंक आली. तिच्यात अकरा वह्या आहेत. इतक्या वर्षांत मी ती दोनदा उघडली, दोन्ही वेळा पाच मिनिटांत बंद केली.

का, तेही सांगते. शाळेच्या फॉर्मवर वडिलांचा व्यवसाय या रकान्यात मी 'महापालिकेत नोकरी' एवढंच लिहायचे. मैत्रिणींनी खोदून विचारलं की 'क्लार्क' म्हणायचे. बाबांना ते ठाऊक होतं. एकदा शाळेत आले होते, तेव्हा बाईंनी त्यांना 'कुठल्या ऑफिसात असता?' असं विचारलं. ते 'वॉर्डात' म्हणाले आणि माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. घरी आल्यावर त्यावर एक शब्द बोलले नाहीत.

गेल्या महिन्यात अमोल पाटील या कलावंताबद्दल वाचलं आणि तेव्हापासून झोप लागत नाहीये. जन्म १९८७, मुंबई. आजोबा पोवाडे रचणारे. वडील महापालिकेत नोकरीला आणि नाटकं लिहिणारे. मुलगा लहान असतानाच ते गेले. मागे राहिलेली हस्तलिखितं आणि कागद हाताशी धरून त्याने आपलं काम उभं केलं. रेखाटनं, ब्राँझची शिल्पं, हलणाऱ्या रचना, व्हिडिओ आणि स्वतःचं अंग वापरून केलेले प्रयोग, असं सगळं त्यात येतं. २०२२ साली जर्मनीत कासल शहरात पंधरावं डॉक्युमेंटा प्रदर्शन भरलं, तिथे त्याचं 'ब्लॅक मास्क्स ऑन रोलर स्केट्स' हे काम होतं. चाकाच्या बुटांवर फिरणारा सफाई कामगार त्यात आहे. पुढच्याच वर्षी लंडनच्या हेवर्ड गॅलरीत त्याचं एकट्याचं प्रदर्शन झालं.

एकाच शहरातले, महापालिकेतलेच दोन बाप. दोघंही लिहायचे. एकाच्या मुलाने बापाचे कागद जगासमोर मांडले, मी ट्रंकेला कुलूप घातलं.

मला दोन गोष्टी विचारायच्या आहेत. बापाचं जगणं असं आपल्या अंगावर घेऊन लोकांना दाखवणं योग्य आहे का? आणि दुसरी अगदी साधी गोष्ट: या वह्यांचं करू काय? कागद पिवळे पडलेत, टाचण्या गंजल्यात.

रेघोटी (शुक्रवार, रात्री ११:२५)

ताई, आधी वह्यांचं सांगतो, कारण ते थांबणारं नाही. मी चित्रकला शिकवतो आणि जुन्या कागदांशी थोडाफार संबंध येतो.

लॅमिनेशन करू नका. कोणी कितीही आग्रह केला तरी नाही. फाटलेल्या जागी सेलोटेप लावू नका, त्याचा डिंक काही वर्षांत कागदात मुरतो आणि तपकिरी डाग कायमचा राहतो. गंजलेल्या टाचण्या ओढून काढू नका. टाचणीच्या खाली जाड प्लॅस्टिकचा तुकडा सरकवा, मग टोक हळूच वर करा, म्हणजे कागद फाटणार नाही. प्रत्येक वहीवर मऊ पेन्सिलीने क्रमांक घाला, पेनाने नाही. धुतलेल्या, खळ काढलेल्या मांजरपाटात एकेक वही गुंडाळा. ट्रंकेत वेखंडाचे तुकडे ठेवा, पण कागदाला टेकवून नको, पुरचुंडीत. डांबराच्या गोळ्या नकोत. ट्रंक जमिनीवर ठेवत असाल तर आज उचला, खाली दोन विटा घाला.

आणि फोटो काढून ठेवा. दुपारी खिडकीशी, ऊन थेट न पडता, फ्लॅश बंद करून, फोन वरून सरळ धरून. कोरी पानंसुद्धा घ्या. मागच्या पानावरचा हिशोब, कोणाचा तरी पत्ता, चहाचा डाग, या सगळ्यातूनही माणूस कळतो.

पहिल्या प्रश्नावर उद्या लिहितो. तो घाईत लिहिण्यासारखा नाही.

एकतारी (शनिवार, सकाळी ६:५०)

दुसऱ्याचं रूप अंगावर घेणं आपल्याला नवीन नाही. एकनाथ महाराजांनी भारुडात कोणाकोणाचं सोंग घेतलं ते आठवा. वासुदेव, जोशी, गोंधळी, आंधळा, मुका, विंचू चावलेला माणूस. 'महार' या नावाची भारुडं कितीतरी आहेत. पैठणच्या ब्राह्मणाने ती वाणी तोंडी घेतली, तीही सोळाव्या शतकात. आमच्या गावात बहुरूपी यायचा. सकाळी फौजदार होऊन आलेला माणूस संध्याकाळी त्याच दारात डोक्यावर पदर घेऊन उभा राहायचा. आम्हा पोरांना ठाऊक असायचं की हा तोच, तरी फौजदाराला आम्ही घाबरायचो.

तुमच्या वडिलांनी नाटक लिहिलं म्हणजे तेही हेच करत होते. तुम्ही वाचाल तर तो खेळ पुढे चालू राहील, इतकंच. जरूर वाचा.

दूरदेशी (शनिवार, दुपारी १:१५)

मी कासलपासून तासाभराच्या अंतरावर राहतो. २०२२ च्या उन्हाळ्यात दोनदा गेलो होतो, म्हणून लिहितो.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: डॉक्युमेंटा १९५५ पासून भरतं, आता दर पाच वर्षांनी, शंभर दिवस. पंधराव्या वेळची सूत्रं रुआंगरूपा या इंडोनेशियातल्या गटाकडे होती. त्यांनी एकेकट्या नामवंतांपेक्षा गटांना बोलावलं, आणि शहराच्या पूर्वेकडच्या कामगार वस्तीतल्या जागाही घेतल्या. अमोल पाटीलचं काम एका जुन्या कारखान्याच्या आवारात होतं. पांढऱ्या भिंतींची गॅलरी नव्हे, वर लोखंडी तुळया आणि खाली सिमेंटची जमीन.

माझे आजोबा लालबागच्या गिरणीत होते, १८ जानेवारी १९८२ ला संपावर गेले ते पुन्हा आत गेलेच नाहीत. त्या शेडमध्ये उभं राहिल्यावर मला पहिली आठवण त्यांची आली. आजूबाजूच्या जर्मन माणसांना चाळ म्हणजे काय हे माहितीफलकावर वाचावं लागत होतं, मला नाही. पण खरं सांगतो, सगळं कळलं असंही नाही. काही रेखाटनांसमोर मी बराच वेळ उभा होतो. कातडी आहे की जमीन, ठरवता येईना.

परत येताना ट्रेनमध्ये एकच विचार येत होता. आमच्या घरी आजोबांचं काहीच उरलेलं नाही. एक बिल्ला होता, तोही घर बदलताना गेला. तुमच्याकडे अकरा वह्या आहेत.

मांडवीकाठ (शनिवार, संध्याकाळी ५:०५)

वारसा अंगावर घेण्याबद्दल बोलायचं तर आमच्या गोव्यात राहणाऱ्या निखिल चोप्राचं नाव घ्यायलाच हवं. जन्म कोलकात्याचा, १९७४ चा, शिक्षण बडोदा आणि अमेरिकेत. त्याचे आजोबा योगराज चोप्रा काश्मीरची निसर्गचित्रं काढायचे. नातवाने त्यांचं नाव उचललं, पुढे 'चित्रकार' जोडलं आणि योगराज चित्रकार हे पात्र तयार केलं. हे पात्र नाटकातल्यासारखं संवाद म्हणत नाही. ते एखाद्या शहरात येतं, मुक्काम करतं, चालतं, कोळशाने भलंमोठं चित्र काढतं, जेवतं, झोपतं, सगळ्यांसमोर दाढी करतं, कपडे बदलतं आणि कपड्यांबरोबर दुसरंच कोणी होतं. कधी साहेबी सुटातला प्रवासी, कधी मजूर, कधी राणी.

२००७ साली तो श्रीनगरच्या लाल चौकात हे पात्र होऊन गेला, भर रस्त्यावर. २०१३ मध्ये मँचेस्टरला ६५ तास सलग काम केलं, नाव 'कोल ऑन कॉटन'. कापूस आपल्याकडून गेला आणि कापड तिकडून आलं, ती सगळी गोष्ट त्याने कापडावर कोळशाने मांडली. गिरणगावातल्या माणसाला त्याचा अर्थ समजावून सांगावा लागणार नाही. २०१९ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट संग्रहालयात नऊ दिवस राहिला. कुणाच्या तरी बापजाद्यांच्या वस्तूंनी भरलेल्या दालनांतून तो रोज फिरत होता.

तो आणि माधवी गोरे यांनी मित्रांबरोबर २०१४ साली गोव्यात एचएच आर्ट स्पेसेस ही कलावंतांची जागा सुरू केली. डिसेंबर २०२५ मध्ये सुरू झालेल्या सहाव्या कोची-मुझिरिस बिनाले या केरळमधल्या मोठ्या कलाप्रदर्शनाचं क्युरेशन, म्हणजे कलावंतांची निवड आणि मांडणी, त्याने आणि एचएचनेच केलं. मी इथे एक-दोन प्रयोगांना बसलो आहे, त्याच्या नव्हे, इतरांच्या. पहिला अर्धा तास काहीच घडत नाही असं वाटतं. मग आपल्याला स्वतःच्या बसण्याची जाणीव होते, बाजूच्याचा श्वास ऐकू येतो. त्यानंतर जे दिसतं ते वेगळं असतं. घाई करणाऱ्याला ही कला भेटत नाही.

पहाटपाळी (रविवार, दुपारी ३:३०)

मी खात्यात आहे. वडिलांच्या जागेवर २००४ ला लागलो. बीए झालेलो आहे. रविवारी वेळ मिळाला म्हणून सगळं वाचलं.

मला एक बोलायचंय, कोणाला लागलं तर माफ करा. बहुरूपी, भारूड, राजा-राणीचे कपडे, सगळं बरोबर. पण हे सगळे संध्याकाळी कपडे उतरवून ठेवतात. रूप घेऊन बघायचं तर ते काढता यायला पाहिजे ना? आमचं निघत नाही. नऊ वर्षं एकाच बीटवर झाडतोय. तिथल्या एक बाई रोज सकाळी 'इकडे जरा नीट' म्हणतात. एकदा त्याच बाई भाजीबाजारात भेटल्या, मी इस्त्रीचा शर्ट घातलेला. मी नमस्कार केला. त्या गोंधळल्या. त्यांनी नऊ वर्षांत माझं तोंडच बघितलं नव्हतं, फक्त गणवेश बघितला होता. पण जिथे मी राहतो तिथे उलटं आहे. तिथे गणवेश नसला तरी सगळ्यांना माहीत आहे, आडनाव ऐकलं की पुढचं विचारतच नाहीत.

नोकरी वारशाने मिळते हे चांगलं आहे, नाहीतर आम्ही रस्त्यावर आलो असतो. वडील गेले त्या महिन्यात घरात काहीच नव्हतं. पण वारशाने नोकरीबरोबर झाडूही येतो आणि लोकांची नजरही येते. माझ्या मुलाला ते नको आहे. मलाही त्याच्यासाठी नको आहे. आणि ही नोकरी गेली तर खोली जाते, हेही आहे.

मग त्या कामाची शिल्पं लंडनमध्ये मांडली तर मला काय? विचारतोय. भांडत नाही.

जुनी_चाळ (रविवार, संध्याकाळी ७:१०)

पहाटपाळी दादा, मला लागलं नाही. उलट तुम्ही लिहिलंत म्हणून धागा काढल्याचं बरं वाटलं.

माझा भाऊही जवळपास हेच म्हणतो. ट्रंकेबद्दल त्याला काल फोन केला. म्हणाला, 'तुझ्याकडे वह्या आल्या म्हणून तुला बाबा नाटककार वाटतात. माझ्याकडे झाडू आला.' मला काही बोलता आलं नाही. मग थोड्या वेळाने त्यानेच सांगितलं की लागला त्या पहिल्या दिवशी चौकीवर एक जुना मुकादम त्याला म्हणाला होता, तुझ्या बापाने माझ्याकडून शिवाजी करून घेतला होता, दाढी अजून जपून ठेवलीय. हे मला आजवर माहीत नव्हतं.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर माझ्यापाशी नाही. कोणाकडे असेल तर लिहा.

दापोलीची (रविवार, रात्री ९:५५)

उत्तर म्हणून नाही, पण पहाटपाळी यांनी 'निघत नाही' म्हटलं म्हणून लिहिते.

आम्ही कोकणी मुसलमान. घरात बोलतो ते कोकणीच, नाटकं बघायची ती मराठी. मुंबईत उपनगरात राहायचो. जानेवारी १९९३ च्या दंगलीत अब्बांनी एका रात्री स्क्रू-ड्रायव्हर घेऊन दारावरची नावाची पाटी काढली. पितळी होती, आजोबांनी बनवून घेतलेली. दारावर नुसता फ्लॅटचा नंबर राहिला. त्याआधी मी कोण आहे याचा विचार मी कधी केला नव्हता. मी दहावीची तयारी करणारी मुलगी होते. त्या रात्रीपासून माझं नाव हीच माझी सगळी ओळख झाली. माझ्यात काहीही बदललं नव्हतं.

पुढे कॉलेजात एका बाईंनी रुमाना हुसेन यांच्याबद्दल सांगितलं. जन्म १९५२, बंगळुरूचा, काम मुंबईत. आधी त्या कॅनव्हासवर रंगवायच्या. ६ डिसेंबर १९९२ ला बाबरी मशीद पाडली गेली, त्यानंतर त्यांचं काम पार बदललं. फुटलेली मडकी, आरसे, गेरू, घरातल्या वस्तू आणि मग स्वतःचं अंग. १९९५ मध्ये मुंबईच्या एनसीपीए या कलाकेंद्रात त्यांनी 'लिव्हिंग ऑन द मार्जिन्स' केलं. पायात घुंगरू, हातात मधोमध कापलेली पपई, तोंड वासलेलं. किंकाळीसाठी उघडलेलं, पण आवाज नाही. त्याचं चित्रीकरण मी पाहिलंय. घुंगरांचा आवाज येत राहतो आणि बाई चालत राहते, एवढंच. मी शेवटपर्यंत बसू शकले नाही. उठून बाहेर गेले आणि पुन्हा येऊन बघितलं.

१९९९ साली त्या कॅन्सरने गेल्या. जेमतेम सत्तेचाळीस वर्षांच्या होत्या.

पहाटपाळी भाई, रुमानांनी कोणाचं सोंग घेतलं नव्हतं. ज्या नावाने शहराने त्यांना एका दिवसात बांधून टाकलं, तेच घेऊन त्या लोकांसमोर चालत गेल्या. तुम्ही म्हणता तसं त्यांचंही निघत नव्हतं. म्हणूनच ते बघताना मला माझी पाटी आठवली, आणि वाटलं की हे माझ्या एकटीच्या दारावर घडलेलं नाही. मला त्यातून मिळालं ते इतकंच. पण ते कमी नव्हतं.

पाटी १९९५ मध्ये अम्मीने परत लावली. चारपैकी एक स्क्रू मिळाला नाही, म्हणून ती अजून किंचित तिरकी आहे.

एकतारी (सोमवार, सकाळी ६:१५)

पहाटपाळी, दापोलीची, दोघांना नमस्कार. मी सोंगाची गोष्ट फार सहज लिहिली. नाथांच्या भारुडातला महार सकाळी पुन्हा नाथ होत होता, आणि खरा महार महारच राहत होता. हे तुम्ही लिहीपर्यंत मला नीट दिसलं नव्हतं. साठ वर्षं भारुडं ऐकतो आहे.

रेघोटी (सोमवार, रात्री १०:३०)

उद्या लिहितो म्हटलं होतं, दोन दिवस उशीर झाला. मधल्या प्रतिक्रिया वाचून जे लिहिलं होतं ते खोडलं.

आधी कपडे उतरवण्याबद्दल. सोंग उघडपणे घेणारीही मोठी कलावंत मंडळी आहेत, आणि त्यांचं काम मला तितकंच मोलाचं वाटतं. बंगळुरूच्या पुष्पमाला एन. मूळच्या शिल्पकार. १९९६ ते ९८ मध्ये त्यांनी मुंबईत 'फँटम लेडी ऑर किस्मत' ही छायाचित्रमालिका केली. रात्रीची मुंबई, डोळ्यांवर मुखवटा घातलेली साहसी नायिका, तिची हरवलेली जुळी बहीण, आणि दोन्ही भूमिका स्वतःच. जुन्या स्टंटपटासारखी. गावातून आलेल्या कितीतरी मुलींना या शहराने दोनच साचे दाखवले, एक धाडसाचा आणि एक बदनामीचा. पुष्पमाला दोन्हींत शिरून बघतात. पुढे २००० ते २००४ या काळात क्लेअर आर्नी यांच्याबरोबर 'नेटिव्ह वुमेन ऑफ साउथ इंडिया' केलं, त्यात त्या रविवर्म्याची लक्ष्मी झाल्या. तेच कमळ, तोच हत्ती, तीच साडी. पण हत्ती आणि तळं पडद्यावर रंगवलेलं आहे हे त्या लपवत नाहीत. ज्या लक्ष्मीला आपल्या आज्यांनी देव्हाऱ्यात पुजलं ती आधी मुंबईच्या आणि मग मळवलीच्या छापखान्यातून निघाली होती, हे त्या एका फोटोतून लख्ख दिसतं. बाईचं रूपसुद्धा कोणीतरी छापून आपल्या हातात दिलेलं आहे. इथे पोशाख काढता येतो, आणि काढता येतो हेच त्यांना दाखवायचं आहे.

अमोल पाटीलचं वेगळं आहे. पहाटपाळी, तुमचा मुद्दा मला इथेच सगळ्यात जवळचा वाटतो. हेवर्डमधल्या त्या प्रदर्शनाचं नावच 'द पॉलिटिक्स ऑफ स्किन अँड मूव्हमेंट' होतं. म्हणजे कातडीचं आणि हालचालीचं राजकारण. पोशाखाचं नाही. पोशाख उतरतो, कातडी उतरत नाही. तुम्ही जे चार ओळींत लिहिलंत तेच त्या नावात आहे. झाडताना कंबर कशी वाकते, मनगट कसं फिरतं, चाळीच्या दहा बाय दहाच्या खोलीत सात माणसं अंग चोरून कशी झोपतात, या हालचाली शहराने माणसाच्या अंगात भरलेल्या असतात. चाकाच्या बुटांची कल्पना मला म्हणूनच फार आवडते. ज्या माणसाने खाली वाकून, पावलापावलाने पुढे सरकायचं असं ठरलेलं आहे, तो घसरत जातो, वळतो, वेग घेतो. काम तेच आहे. पण त्याचं अंग त्या कामाने ठरवून दिलेल्या चालीत राहत नाही. गणवेश काढल्याशिवाय तो वेगळा दिसतो. अशा वेळी त्या बाईंना तोंड बघावंच लागलं असतं.

आता 'मला काय?' याबद्दल. खोटं बोलणार नाही. लंडनच्या प्रदर्शनाने तुमचा पगार वाढत नाही, तुमच्या मुलाला आडनावावरून विचारणारा शेजारी बदलत नाही. या कामांचे फोटो, व्हिडिओ मोजक्या प्रतींत विकले जातात आणि ज्यांच्या भिंतींवर ती जातात ती घरं तुमच्या बीटवर असली तरी तुम्हाला आत बोलावत नाहीत. आमच्या क्षेत्राने हे मान्य करायला हवं. मुंबईतल्या गॅलऱ्यांना बहुतेक ठिकाणी तिकीट नसतं, दार सगळ्यांना उघडं असतं असं आम्ही अभिमानाने सांगतो. पण काचेच्या दाराआडून रखवालदार बघतो तेव्हा कोण आत शिरतं आणि कोण पुढे चालायला लागतं, हे मी तीस वर्षं बघतोय. माझे स्वतःचे वडील माझ्या पहिल्या प्रदर्शनाला आले आणि बाहेरच्या फुटपाथवर उभे राहिले. मी हाताला धरून आत आणलं.

तरीही एक गोष्ट मला महत्त्वाची वाटते. गिरणगावाची कला एकेकाळी गिरणगावातच बघितली जायची. अमर शेख, अण्णा भाऊ साठे, गवाणकर यांचं लाल बावटा कलापथक १९४४ साली निघालं ते कामगारांपुढेच उभं राहिलं. परळचा दामोदर हॉल पाळी सुटलेल्या माणसांनी भरायचा. ज्यांच्याबद्दल नाटक तेच समोर बसलेले. आज अमोल पाटीलला त्या वारशातलं काम करायला कासल आणि लंडन मिळतं, आणि परळमध्ये तसा प्रेक्षक गोळा करणारं काही उरलेलं नाही, तर हे त्या कलावंताचं अपयश मी मानत नाही. पण दुःख आहे, आणि ते मला रोज शाळेतून येताना जाणवतं.

ताई, तुमचा पहिला प्रश्न योग्य-अयोग्यचा होता. मला वाटतं, बापाचं जगणं दाखवायला तुम्हाला परवानगी लागत असेल तर ती कुणाकडून हवी हे भावाच्या फोननंतर तुम्हाला कळलं असेल.

मांडवीकाठ (सोमवार, रात्री ११:०५)

रेघोटी, तुमच्या वडिलांचं फुटपाथवर उभं राहणं डोळ्यांपुढून हलत नाही.

पहाटपाळी (मंगळवार, दुपारी २:४५)

सर, तुम्ही सरळ लिहिलंत, बरं वाटलं. स्केटचं वाचून आज काम करताना मनात तेच चालू होतं. आमच्या बीटवर मोठा उतार आहे. तिथे खरंच चाकं असती तर किती मजा आली असती.

ताई, माझं एक सुचवणं आहे. लंडन वगैरे लांबचं आहे. वह्या वाचा आणि चौकीवर वाचून दाखवा. हजेरी झाल्यावर नाही, सुटताना. वीस-पंचवीस माणसं थांबतील. तुमच्या वडिलांबरोबर काम केलेले दोघं-तिघं अजून असतील, एक-दोन निवृत्त झालेलेही बोलावू. त्यांना समोर बसवून वाचलं तर वडील कोण होते ते तेच सांगतील, तुम्हाला वेगळं सांगायला लागणार नाही. तुमच्या भावाला विचारा आधी.

दूरदेशी (मंगळवार, रात्री ८:२०)

हे झालं तर आवाज तरी रेकॉर्ड करा. मी इथून ऐकेन.

जुनी_चाळ (बुधवार, रात्री १२:१५)

भावाला विचारलं. तो आज कामावरून थेट माझ्याकडे डोंबिवलीला आला. आम्ही दोघांनी मिळून ट्रंक उघडली. रेघोटी सरांनी सांगितलं तसं खिडकीशी बसून, टाचण्यांखाली प्लॅस्टिक घालून. भावाने वह्यांवर पेन्सिलीने आकडे घातले. त्याचं अक्षर बाबांसारखं आहे, हे मला आज दिसलं.

चौथ्या वहीवर आतल्या पानावर 'गणपती १९८९' लिहिलंय. वरचा कोपरा फाटलाय, नाटकाचं नाव गेलंय. खाली पात्रं आहेत. मी तेव्हा पाचवीत होते, म्हणजे शाळेत बाईंनी विचारलं होतं तेच वर्ष. चाळीतली सगळी नावं आहेत, पोटमाळ्यावरचे अण्णा घरमालक, दोन नंबरच्या खोलीतला मुलगा शिपाई, मुकादम कोणी दुसरेच. झाडूवाल्याचं पात्र आहे, त्याच्यापुढे नाव लिहून खोडलंय, मग दुसरं लिहिलंय, तेही खोडलंय. कोणी तयार झालं नसावं, आमच्याच चाळीत.

त्या यादीत शेवटून दुसरी ओळ अशी आहे: 'क्लार्क: स्वतः.'

मला तो प्रयोग आठवतो. बाबांनी कोणाकडून तरी काळा कोट आणला होता, तो खांद्यात घट्ट होता. स्टेजवर ते टेबलामागे बसले होते, कानाला पेन्सिल लावून. सगळी चाळ हसत होती आणि मी टाळ्या वाजवत होते. त्यांनी त्या टेबलामागून माझ्याकडे बघितलं होतं. तेव्हा वाटलं होतं, सगळ्यांकडेच बघतायत.

भाऊ पान धरून खूप वेळ बसला. मग म्हणाला, चौकीवर वाचायचं तर हेच वाचू, पण नुसतं वाचायचं नाही. आणि झाडूवाल्याचं काम तो करणार आहे. त्याने खोडलेल्या नावांच्या खाली पेन्सिलीने स्वतःचं नाव लिहिलं. मी अडवलं नाही.

शिपाई, घरमालक, दोन बायका आणि क्लार्क एवढे लागतील. मुकादमासाठी भाऊ त्या दाढीवाल्यांना विचारणार आहे.

दापोलीची (बुधवार, सकाळी ७:३०)

एक बाई मी. रविवार धरा, ठाण्याहून येईन.

पहाटपाळी (बुधवार, दुपारी २:२०)

क्लार्कचं काम मला द्या. इस्त्रीचा शर्ट आहे, कोट तेवढा बघायला लागेल.